कमानीवरची खूण

वृंदगानाच्या तालमीत खालच्या आवाजाच्या बायकांचा सूर मधेच अर्धा झाला. तुटला नाही, अर्धा झाला. जाड दोरखंडातले निम्मे पीळ कुणी अलगद काढून घ्यावेत आणि दोर तरीही ताठच राहावा, तसा. ती दुसऱ्या रांगेत, खिडकीच्या बाजूला, तोच सूर धरून उभी होती. निदान धरायला हवा होता. खरं म्हणजे त्या क्षणी तिचं तोंड नुसतंच उघडं होतं आणि ओठांच्या फटीतून ती गुपचूप हवा आत घेत होती, गेलं वर्षभर घेत आली तशी, मास्तरांची नजर वरच्या आवाजांकडे वळली की. आणि तेवढ्यात, सूर पातळ झाला त्या जागेतून, तिला दुसरंच काही ऐकू आलं. फार वर, छताच्या पन्हळी पत्र्याजवळ कुठेतरी, एक बारीक, स्वच्छ सूर. तो कुणीच गात नव्हतं. पुरुष खाली होते, वरच्या आवाजाच्या बायका त्यांच्या ठरलेल्या जागी होत्या, आणि हा त्या सगळ्यांच्या वर होता, काचेच्या कडेवरून ओलं बोट फिरवल्यासारखा. तिच्या हातावर काटा आला. पदार्थविज्ञान शिकलेल्या तिच्या डोक्याने लगेच कारणही पुढे केलं. पुष्कळ गळे नेमके एका सुरावर आले की त्याच्या पटीतली कंपनं वर उभी राहतात, त्यात नवल काही नाही. कारण बरोबर होतं. काटा मात्र गेला नाही.

मास्तरांनी दोन्ही हात खाली टाकले. "खालच्या बायका! कुणी सोडला?"

"सोडला नाही मास्तर, श्वास घेतला," तिच्या शेजारची दातांची डॉक्टर म्हणाली. "ही काय, खूण आहे इथे. छापलेलं पाळलं तर ते पाप झालं का?"

"कसली खूण? माझ्याकडे नाहीये," मागच्या रांगेतून निवृत्त मुख्याध्यापिका म्हणाल्या.

"तुमचा चष्मा..."

"चष्मा मी रोज पुसते हो. तुम्ही आपले दात बघा."

हशा झाला. मास्तर तेवढ्यापुरते हसले आणि दोन्ही प्रती मागवून घेतल्या. अर्ध्या जणींच्या हातात राखाडी कव्हरची जुनी आवृत्ती होती, दुसऱ्या एका वृंदाकडून उसनी आणलेली, कोपरे मऊ पडलेली. ती पुरेना म्हणून उरलेल्यांसाठी निळ्या कव्हरची नवी आवृत्ती मागवली होती, आणि ती त्याच संध्याकाळी पहिल्यांदा वाटली गेली होती. शेवटच्या भागात, जिथे खालच्या बायकांनी एकच खर्जातला सूर धरून ठेवायचा आणि बाकीच्यांनी त्याच्यावरून चालत जायचं, तिथे राखाडी प्रतीत काही नव्हतं. निळ्या प्रतीत त्या सुराच्या डोक्यावर श्वासाची खूण होती, स्वल्पविरामासारखी, शेपटी खाली वळलेली.

"एक तरी खोटी आहे," मास्तर म्हणाले. "खूण असेल तर सगळ्यांनी एकदम श्वास घ्यायचा, तिथे स्वच्छ भोक पडलं पाहिजे. खूण नसेल तर कुणीही घ्यायचा नाही. मग दम संपत आल्याचा ताण ऐकू आला पाहिजे, संगीतकाराला तोच हवा असणार. ज्यांना जमत नसेल त्यांनी त्या पानापुरतं गप्प उभं राहावं, त्यात लाज नाही. पण अर्धंमुर्धं मला चालणार नाही." मग त्यांनी रांगेवरून नजर फिरवली आणि ती अपेक्षेप्रमाणे तिच्यावर येऊन थांबली. "मिलिग्रॅम, हे तुमचं काम."

मिलिग्रॅम हे तिचं वृंदातलं नाव. ती वजनमापांच्या प्रयोगशाळेत काम करायची. बाजारातली, औषधाच्या कारखान्यांतली, सोनारांची वजनं जिथे येऊन प्रमाण वजनांशी ताडून बघितली जातात, त्या खोलीत. कुणी म्हणालं की तालमीला जरा उशीर झाला, तर ती जरा म्हणजे किती ते विचारायची, त्यावरून पडलेलं नाव. तिला ते आवडायचं. प्रती पिशवीत घालताना तिचा चेहरा नेहमीसारखाच होता, पण पिशवीची दोरी तिने दोनदा गुंडाळली. कारण मास्तरांच्या बोलण्यात तिचा निकाल लागून गेला होता. मागच्या वर्षी तिच्या डाव्या फुफ्फुसाचा खालचा भाग काढला होता. वृंदात कुणाला सांगितलं नव्हतं, 'किरकोळ ऑपरेशन' एवढंच. शल्यविशारद म्हणाले होते, उरलेलं फुफ्फुस शिकून घेईल हळूहळू. ते पुष्कळ शिकलंही होतं. जिने शिकलं, पळत बस पकडणं शिकलं. हा सूर तेवढा त्याला एका दमात पुरत नव्हता. राखाडी प्रत खरी निघाली तर तिला गप्प उभं राहावं लागणार होतं, आणि एका पानापुरतं गप्प उभं राहिलेलं माणूस पुढच्या पानावर पुन्हा तोंड कसं उघडतं ते तिला कळत नव्हतं. चोरून श्वास घेत राहणं हा एक मार्ग होता. पण आता खुद्द तिलाच खरं काय ते शोधायला सांगितलं होतं. खरं शोधून काढून मग त्याच्या पाठीमागे चोरी करणं तिला जमलं नसतं. बसमध्ये खिडकीशी बसून तिने ठरवून टाकलं. राखाडी खरी, तर वृंद सोडायचा. आणि मग तिच्या लक्षात आलं की निळीच खरी असावी असं आपल्याला वाटतंय, फार वाटतंय, आणि हे मोजणाऱ्या माणसासाठी वाईट लक्षण आहे.

वजनाच्या खोलीत ती जी पहिली गोष्ट शिकली होती ती हीच. तराजू काचेच्या पेटीत असतो, वजन चिमट्याने ठेवायचं, हाताने नाही, आणि पेटीजवळ वाकताना श्वास धरायचा. माणसाच्या श्वासाच्या उबेने हवा हलते आणि आकडा थरथरतो. तिला शिकवणारे जुने साहेब म्हणायचे, आकडा थरथरतो ते दिसतं तरी, मन थरथरतं ते दिसत नाही. म्हणून एक वजन दुसऱ्याशी ताडायचं तर आधी हे, मग ते, मग पुन्हा ते, आणि शेवटी पुन्हा हे, अशा क्रमाने ठेवायचं, म्हणजे मधल्या वेळात खोली, हवा, आपण, जे काही सरकलं असेल ते दोन्हीकडे सारखं वाटलं जातं. आणि अडचणीच्या वेळी दुसऱ्या कुणाला तरी वाचायला बसवायचं, अपेक्षित आकडा न सांगता. ऑपरेशननंतर ती पहिल्यांदा त्या खोलीत गेली तेव्हा सवयीने श्वास धरून वाकली आणि आकडा स्थिर व्हायच्या आधीच तिला मागे सरावं लागलं होतं. कुणी पाहिलं नव्हतं. तेव्हापासून ती तराजूपासून थोडी लांब उभी राहायची आणि भिंग वापरायची.

आता प्रती ताडायच्या तर आधी त्या धड मिळवायला हव्यात. उसन्या राखाडी प्रतींवर कुणाकुणाच्या पेन्सिलीच्या खुणा होत्या, खोडलेल्या, पुन्हा काढलेल्या. त्यांच्यावर विसंबणं म्हणजे हाताळलेल्या वजनावर विसंबणं. संगीत ग्रंथालयात एक कोरी राखाडी प्रत असल्याचं कळलं. ग्रंथपाल शिंकत शिंकत ती खालच्या कपाटातून घेऊन आला आणि म्हणाला, "ही कुणी उघडलेलीच दिसत नाही बाई. पानंसुद्धा एकमेकांना चिकटून आहेत बिचारी." तिने ती घरी नेण्याची परवानगी मागितली. त्याने तिच्याकडे, मग प्रतीकडे पाहिलं, आणि एवढी वाट बघितली आहे तर नेऊ दे एकदाची, असा चेहरा करून नेऊ दिली. निळी कोरी प्रत तिने दुकानातून घेतली. दुकानदाराला तिने विचारलं की ह्या आवृत्तीत काय बदललंय. तो म्हणाला, "रंग."

रविवारी दुपारी दातांच्या डॉक्टरने आपल्या जुन्या दवाखान्यातली एक्स-रे बघायची दिव्याची पेटी आणून दिली. "जपून वापर. हिच्यावर किती जणांच्या अकलदाढा पाहिल्यात मी," म्हणाली, आणि चहा न घेताच गेली. पेटी जेवणाच्या टेबलावर ठेवली, खिडकीचा पडदा ओढला, बटण दाबलं. पांढरा, किंचित निळसर, सपाट उजेड.  अशाच उजेडावर तिच्या छातीचा एक्स-रे लावला होता, फासळ्यांच्या कमानी एकाखाली एक, आणि डावीकडे खाली, जिथे सगळं काळं असायला हवं तिथे, एक पांढुरका धब्बा. तेव्हा घाबरण्याऐवजी तिला वाटलं होतं की हे किती सुंदर काढलंय. कुणी काढलं? हा विचार तिने कुणाला सांगितला नव्हता, नवऱ्यालाही नाही. तो तेव्हा तिच्या खुर्चीमागे उभा होता आणि त्याचा हात तिच्या खांद्यावर इतका जड झाला होता की तिला त्याचंच सांत्वन करावंसं वाटलं होतं.

तिने राखाडी पान उजेडावर ठेवलं, त्यावर निळं पान, कडा जुळवल्या. दोन्ही पानं एकमेकांतून दिसू लागली. पाच रेघांखाली पाच रेघा, किंचित सरकलेल्या, त्यामुळे सुरांच्या ठिपक्यांना सावल्या असल्यासारखं. सगळं आरपार. मग क्रम पाळून राखाडी, निळी, निळी, राखाडी असं एकेक पान तिने वाचलं. फरक सापडत गेले. एका ठिकाणी पुरुषांचा एक सूर बदललेला, दुसरीकडे हळू होत जाण्याची सूचना दोन बार, म्हणजे उभ्या रेघांमधली दोन घरं, अलीकडे आणलेली. बारीकसारीक, पण प्रत्येक फरकामागे कुणीतरी हे पान वाचून थबकलं होतं, हे नको, असं हवं, असं मनाशी म्हणालं होतं. तिला वाटत होतं आपण दोन झोपलेल्या माणसांचे श्वास शेजारी बसून ऐकतो आहोत. ती हळूहळू शेवटच्या भागाकडे सरकत होती आणि मुद्दाम हळू सरकत होती.

ते पान आलं तेव्हा तिने आधी डोळे मिटले, मग उघडले. खूण होती. स्वच्छ, काळी, छापलेली. आणि तिच्या छातीत, जे उरलं होतं त्या सगळ्यात, एकदम मोकळं झालं. झालं तर मग. नवी आवृत्ती जुनीला दुरुस्त करते, इतर पानांवर केलंय तसं इथेही. ती उठून पाणी प्यायली. परत येऊन बसली आणि मग तिला कमान दिसली. सूर लांब असला की त्याच्या एका बारमधल्या ठिपक्यापासून पुढच्या बारमधल्या ठिपक्यापर्यंत कमान काढतात. हे सगळं एकच, मधे तोडू नका, असा तिचा अर्थ. राखाडी प्रतीत ती कमान सलग होती. निळ्या प्रतीत खुणेखालूनही ती तशीच सलग गेली होती. इथे सगळ्यांनी श्वास घ्यायचा असता तर छापणाऱ्याने कमान तिथे तोडली असती. इतर पानांवर, जिथे जिथे सगळे थांबतात तिथे, तोडलेलीच होती. तिने ती सगळी ठिकाणं पुन्हा पाहिली. मनाशी म्हणाली, नजरचूक असेल. मग म्हणाली, तुला तसं वाटायला हवंय म्हणून.

संध्याकाळी तिने ताईला बोलावलं. ताई वरच्याच मजल्यावर राहायची आणि तिला स्वरलिपीतलं ओ की ठो कळत नसे.

"हे कशाला आणलंस घरात? दवाखाना काढतेस की काय?" ताई पेटी पाहून म्हणाली.

"बस. इथे काय दिसतं ते सांग. मी काही सांगणार नाही."

"परीक्षाच म्हणजे." ताईने पदर सावरला, वाकून पाहिलं. "ठिपके आहेत. त्यांच्यावर कमान आहे, पुलासारखी. पुलावर एक अळी बसलीय."

"आणि खालच्या कागदात?"

"पूल तोच. अळी नाही." ताई आणखी वाकली. "पूल दोन्हीत धड आहे. मोडलेला नाही कुठे. एवढंच ना? का अजून काही दिसायला हवं होतं?"

"नाही. एवढंच."

"मग चेहरा का असा केलायस?" ताईने तिच्या पाठीवर हात ठेवला, नेमका डाव्या बाजूला, टाक्यांच्या वरती. तो हात तिथे राहिला तेव्हा तिला त्या घराची आठवण झाली जिथे संध्याकाळी दिवे जायचे. आई तारखात्यात कामाला होती, बाबा फिरतीवर. दिवे गेले की दोघी किंचाळायच्या, म्हणून आईने एक युक्ती काढली होती. अंधार झाला की ती एक सूर धरायची, मिटल्या तोंडाने, खालचा. दोघींनी तो उचलायचा. मग आई म्हणायची, सूर सोडू नका हं, मी त्याला धरून काडेपेटी आणते आणि त्यालाच धरून परत येते. आणि ती भिंतीला हात लावत जायची. अंधारात दोघी एकमेकींचे हात घट्ट धरून तो सूर चालू ठेवायच्या. तो तुटला तर आई परत कशी येणार? कुणी शिकवलं नव्हतं, पण त्यांना पहिल्याच दिवशी कळलं होतं की दोघींनी एकदम श्वास घ्यायचा नाही. ताई घेताना ती धरायची, ती घेताना ताई. हात हातात असल्यामुळे कळायचं, बोटं किंचित सैल व्हायची. काडी ओढल्याचा आवाज यायचा, मग आईची हनुवटी, मग आई. तिला आजही वाटायचं की आई अंधारातून नव्हे, त्या सुरातून बाहेर यायची.

"आठवतं का गं..." तिने सुरुवात केली.

"काडेपेटी," ताई म्हणाली. "मलाही आत्ता तेच आठवलं. ह्या असल्या उजेडाने आठवत असेल."

आता एकच जागा उरली होती. संगीतकार हयात होत्या. ऐंशी उलटलेल्या, बसने अर्ध्या दिवसाच्या अंतरावरच्या गावी राहणाऱ्या. मास्तर म्हणाले होते की त्या कुणाला भेटत नाहीत. तिने फोन केला तर त्यांनी स्वतःच उचलला आणि म्हणाल्या, "माझा डावा कान गेलाय, उजव्यात बोल. कशाबद्दल? श्वासाबद्दल? मग ये. हल्ली मला दुसरं काही सुचतही नाही."

तिसऱ्या मजल्यावरची खोली. चढताना ती प्रत्येक वळणावर थांबली. आत एक पियानो, त्यावर चष्म्यांची तीन घरं, आणि खिडकीत उन्हाकडे पाठ करून बसलेली एक छोटीशी बाई. तिने दोन्ही प्रती काढल्या, पान उघडलं, दाखवलं. बाईंनी चष्मे बदलून बदलून पाहिलं. मग उठल्या, कपाटातून मूळ हस्तलिखित काढलं आणि तेही शेजारी ठेवलं. शाईने लिहिलेलं, भराभर, ठिपके कललेले. आणि त्या जागी, कमानीच्या वर, खरंच काहीतरी होतं. खूण म्हटली तर खूण. पेन टेकून उचललं गेल्याचा डाग म्हटला तर डाग.

"ही तुम्ही घातलीत का बाई?"

"हात तर माझाच आहे."

"पण मुद्दाम?"

बाईंनी चष्मा नाकावर सरकवून तो डाग पुन्हा पाहिला. मग हसायलाच लागल्या. "अगं, मी लिहिताना गाते. लिहिते ते सगळं गाते, नाहीतर मला कळतच नाही ते किती लांब आहे. इथे माझा दम संपला असेल. दम संपला की माझं पेन कागदाला टेकतं. एकाने डाग समजून सोडला, दुसऱ्याने खूण समजून छापली. दोघेही प्रामाणिक."

"म्हणजे हा श्वास गाण्यातला नाही."

"माझा आहे."

"पण मग आम्ही काय करायचं?" तिचा आवाज तिला नको होता तितका वर गेला. "मास्तर म्हणतात, एकतर सगळ्यांनी घ्यायचा किंवा कुणीच नाही. आणि मला... मला तो एका दमात पुरत नाही. माझं फुफ्फुस थोडं काढलंय. नसेल खूण तर मी गायचं सोडणार आहे." हे तिने पहिल्यांदाच कुणापुढे मोठ्याने म्हटलं, आणि म्हटल्यावर ते किती छोटं वाक्य आहे याचं तिला नवल वाटलं.

बाईंनी कीव केली नाही. पियानोची एक पट्टी दाबली. "धर."

"आत्ता?"

"मग काय पुढच्या वर्षी? मी ऐंशीच्या पुढची आहे. उजव्या बाजूला येऊन उभी राहा आणि धर."

तिने धरला. एकटीच्या आवाजाने खोली लहान झाली, मग मोठी झाली. सूर ठीक होता, सरळ होता. ती खिडकीबाहेरच्या वाळत घातलेल्या चादरीकडे बघत होती. जिथे संपणार हे तिला ठाऊक होतं तिथे तो संपायला आला. छातीच्या डाव्या बाजूला ती ओळखीची रिकामी पायरी, पाय टाकला आणि खाली काही नाही. तिने तोंड बंद केलं, आणि सूर चालूच राहिला. म्हाताऱ्या, खरखरीत, मिटल्या तोंडाच्या आवाजात बाईंनी तो नेमका त्याच जागी उचलला होता. त्यांचा हात तिच्या मनगटावर होता; कधी ठेवला ते तिला कळलं नव्हतं. तिने श्वास घेतला, पुरता, आवाज करून, वर्षभरात पहिल्यांदा न लपवता. मग बाईंची बोटं किंचित सैल झाली, आणि तिला कळलं, आणि तिने तो परत घेतला. बाईंनी श्वास घेतला. पुन्हा त्या आल्या. अशा त्या दोघी किती वेळ चालत राहिल्या असतील कोण जाणे. चादर वाऱ्याने फुगत होती आणि बसत होती. शेवटी बाईंनीच हात काढला.

"कमान तुटली का?"

"नाही."

"आणि आपण?"

 बाईंनी हस्तलिखित बंद केलं आणि विचारलं, "पायऱ्या मोजल्यास का येताना? मी रोज मोजते. रोज वेगळ्या भरतात." मग त्यांनी तिला दारापर्यंत पोचवलं, आणि दार लावून घेतल्यावर आतून पियानोच्या त्याच पट्टीचा आवाज आला.

पुढच्या तालमीला ती प्रती घेऊन उभी राहिली. मास्तरांनी विचारलं, "हं, मिलिग्रॅम. कुठली खरी?"

तिने सांगितलं. कमान तिन्ही ठिकाणी अखंड आहे, मूळ हस्तलिखितातसुद्धा, म्हणून सूर तुटता कामा नये. खूण म्हणजे लिहिणाऱ्या बाईंना तिथे श्वास लागला, एवढंच. म्हणून जिला जिथे लागेल तिथे तिने घ्यायचा, फक्त शेजारणीबरोबर नाही.

"पण मग ताण कुठे राहिला?" मास्तर म्हणाले. "दम संपत आल्याचा ताण?"

"मला तिथे संपतो मास्तर. मी वर्षभर चोरून घेते आहे." ती खाली न बघता म्हणाली. "डावं फुफ्फुस थोडं कमी आहे माझं. सांगितलं नव्हतं."

 दातांची डॉक्टर म्हणाली, "अगं, मला माहीत आहे ते. मी तुझ्या शेजारी उभी असते ना? तू घेतेस तेव्हा मी जरा दाबून धरते. वर्षभर धरते आहे." ती निळ्या प्रतीचा कोपरा दुमडत होती. "त्या दिवशी ही नवी हातात आली आणि मी मेली छापलेलं पाळायला गेले. दोघींनी एकदमच घेतला, बाकीच्या निळ्या प्रतीवाल्यांनीही. म्हणून तो सगळा घोळ."

मास्तरांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. म्हणाले, "शेवटचा भाग. पहिल्यापासून."

वरचे आवाज चढू लागले, पुरुष खाली उतरले, आणि खालच्या बायकांनी तो सूर टेकवला. तिनेही. तो तिच्या पायांतून, लाकडी फळ्यांतून, शेजारच्या दंडातून येत होता. डॉक्टरच्या कोपराचा तिच्या कोपराला हलका स्पर्श होता. ती जागा आली. तिने सूर सोडला आणि, घाई न करता, श्वास घ्यायला सुरुवात केली.

आणि तेव्हा तिने तो ऐकला. इतकी वर्षं ती खालच्या सुराच्या आत उभी होती. आतून तो नेहमी आपल्याच डोक्याच्या कवटीचा आवाज वाटायचा. चोरून श्वास घेताना तिचं सगळं लक्ष पकडलं न जाण्याकडे असायचं, ऐकायला सवड कुठली. आता तो तिच्याशिवाय चालू होता. जरासुद्धा कमी झाला नव्हता. रुंद, शांत, कडेपर्यंत भरलेला, मुख्याध्यापिकांचा किंचित कंप त्यात, डॉक्टरचं दाबून धरणं त्यात, आणि तिची जागा, तिच्या जाडीची, रिकामी नव्हती; ती धरून ठेवलेली होती. मी नसले की हे असं असतं, तिच्या मनात आलं. तिला वाटलं होतं या विचाराची भीती वाटेल. ऑपरेशनच्या टेबलावर, तोंडावर मुखवटा येताना, तिने हाच विचार परतवून लावला होता. आता तो समोर होता आणि त्याला उजेड होता. वर, पत्र्याच्या पन्हळींजवळ, कुणीच गात नसलेला तो बारीक सूर पुन्हा उभा राहिला. तिला त्याचं कारण माहीत होतं.

तिची छाती भरली होती. आत शिरायची वेळ झाली होती. डॉक्टरच्या कोपराने तिला तसं कळवलंही. तरी ती अजून एक क्षण थांबली, ऐकत. मग त्या सुराला धरून परत आली.